सूया: मांस आणि भाज्या हौसा पद्धतीने निखाऱ्यांवर भाजण्याची कृती

उत्तर नायजेरियातील कानो, कडुना किंवा सोकोतो या शहरांत संध्याकाळ झाली की रस्त्याच्या कडेला निखारे फुलू लागतात आणि काड्यांवर ओवलेले, शेंगदाण्याच्या तिखट मसाल्यात घोळलेले मांस त्यांच्याभोवती भाजायला लागते. हीच सूया. ती मूळची हौसा समाजाची. परंतु आज लागोसपासून अबुजापर्यंत सगळ्या नायजेरियात ती आवडीने खाल्ली जाते, शेजारच्या नायजर आणि कॅमेरूनमध्येही मिळते, आणि घानामध्ये तिचेच भावंड चिचिंगा या नावाने विकले जाते. पन्नासहून अधिक देशांच्या खंडाला मिळून एकच ‘आफ्रिकन कबाब’ असणे शक्य नाही आणि त्या नावाखाली कोणताही मसाला खपवणे योग्यही नाही. म्हणून या लेखात सूया हाच मुख्य विषय ठेवला आहे; आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावर मिळणाऱ्या मिश्काकी या काडीवर भाजलेल्या मांसाचा विचार सूयेशी असलेल्या फरकापुरता केला आहे.

आपल्याकडील तंदुरी पदार्थांत मांस दह्यात किंवा लिंबात मुरवले जाते, त्यामुळे मसाला ओला असतो आणि आंबटपणा त्याचा पाया असतो. सूयेत आंबट असे काहीच नसते. तिचा मसाला कोरडा असतो, त्याला याजी म्हणतात, आणि त्याचा पाया तेल काढलेल्या शेंगदाण्यांची पूड हा असतो. ही पूड मांसावर खमंग, किंचित खरखरीत आवरण तयार करते आणि सूयेची ओळख तीच आहे. मात्र तीव्र ज्वाळेवर ती पाहता पाहता करपते आणि करपली की सगळी काडी कडू होते. मांस किती पातळ कापायचे, निखारे किती तापवायचे, तेल केव्हा लावायचे आणि मसाला किती वेळा भुरभुरायचा, हे सगळे शेंगदाणा न करपता मांस शिजावे यासाठीच ठरलेले आहे. हे ध्यानात ठेवले तर प्रमाण थोडे मागेपुढे झाले तरी बिघडत नाही.

याजीची तयारी

नायजेरियात याजीसाठी कुली-कुली वापरतात. भाजलेले शेंगदाणे वाटून त्यातील तेल पिळून काढायचे, उरलेल्या घट्ट चोथ्याच्या कांड्या किंवा कड्या वळायच्या आणि त्या निघालेल्या तेलातच कडक तळायच्या, अशी तिची कृती आहे. लोक ती नुसतीही कुरकुरीत खातात, आणि सूयावाले ती कुटून मसाल्यात घालतात. विसाव्या शतकाच्या मध्यास कानोमध्ये निर्यातीसाठी रचलेल्या शेंगदाण्याच्या पोत्यांचे उंच मनोरे प्रसिद्ध होते. ज्या मुलखात शेंगदाणा इतका पिकत होता, तेथे तेल काढून उरलेला भागही मसाल्याच्या डब्यात जाऊन बसला यात नवल नाही. एक गोष्ट मात्र स्पष्ट केली पाहिजे: आपल्या बाजारात गुरांसाठी विकली जाणारी शेंगदाण्याची पेंड माणसांच्या खाण्याच्या दृष्टीने साठवलेली नसते, तिला बुरशी लागलेली असू शकते, आणि ती या कामी मुळीच वापरू नये.

घरी कुली-कुली तळत बसण्याची गरज नाही. दीडशे ग्रॅम शेंगदाणे जाड बुडाच्या कढईत मंद आचेवर, सतत हलवत, आतून फिकट बदामी होईपर्यंत भाजावेत. येथे घाई केली तर साल काळी पडते आणि आतला दाणा कच्चा राहतो. दाणे पूर्ण गार झाल्यावर साले पाखडून टाकावीत आणि मिक्सरमध्ये थांबून थांबून, एका वेळी दोन-तीन सेकंदच फिरवत कूट करावे. सोलापुरी शेंगदाणा चटणीत दाण्याला तेल सुटेपर्यंत कुटतात. येथे नेमके उलट हवे असते, कारण तेल सुटले की पूड पातेल्याला चिकटते, मांसावर तिचे गोळे होतात आणि ते गोळे सर्वांत आधी जळतात. कूट दोन जाड, कोऱ्या टिपकागदांमध्ये पसरावे, वरून लाटण्याने जोर देऊन दाबावे, कागद तेलकट झाले की बदलावेत आणि हे तीन-चार वेळा करावे. मूठभर कूट आवळल्यावर त्याचा मुटका झाला, पण बोटाने टोचताच तो भुसभुशीत फुटला, तर पूड तयार झाली असे समजावे. मुटका तसाच घट्ट राहिला आणि तळहात चकचकीत झाला, तर आणखी एकदा कागद बदलावा. शेवटी ती रव्याच्या चाळणीतून चाळून घ्यावी.

एक किलो मांसाला पुरेल इतक्या याजीसाठी या पुडीत एक मोठा चमचा सुंठपूड, दीड ते दोन मोठे चमचे लाल तिखट, एक मोठा चमचा वाळवलेल्या कांद्याची पूड, दोन लहान चमचे लसणाची पूड, एक लहान चमचा ताजी कुटलेली काळी मिरी, तीन-चार लवंगांची पूड आणि दोन लहान चमचे मीठ घालावे. सुंठ कमी करू नये. नायजेरियात कडुना राज्याच्या दक्षिण भागात आले मोठ्या प्रमाणावर पिकते आणि याजीच्या वासात तिखटाच्या आधी सुंठच जाणवते. तिखटासाठी केवळ काश्मिरी मिरची घेतली तर रंग येतो पण झणका येत नाही. निम्मी ब्याडगी आणि निम्मी लवंगी मिरची असा मेळ चांगला बसतो. ओल्या आल्या-लसणाचे वाटण वापरू नये, कारण त्यातले पाणी शेंगदाण्याचा लगदा करते.

मूळ मसाल्यातील दोन जिन्नस आपल्याकडे सहज मिळत नाहीत. पहिला म्हणजे किंबा, एका पश्चिम आफ्रिकी झाडाच्या वाळलेल्या शेंगा. त्यांना धुरकट, किंचित कडवट वास असतो. दुसरा म्हणजे आल्या-वेलदोड्याच्या कुळातील मेलेगेटा मिरी, जिचे लहान तपकिरी दाणे तिखट असूनही सुवासिक असतात. किंब्याच्या जागी एका मसाला वेलदोड्याचे दाणे कुटून घालावेत, कारण त्याचा धुरकटपणा त्याच दिशेचा आहे. मेलेगेटाच्या जागी काळी मिरी थोडी वाढवून एका हिरव्या वेलदोड्याचे दाणे मिसळावेत. चव तंतोतंत तीच येणार नाही, पण जवळ जाते. कोकणातील किंवा गोव्यातील वाचकाला येथे तिरफळ घालण्याचा मोह होईल. तो आवरावा, कारण तिरफळाचा लिंबूवर्गी वास याजीत परका वाटतो. गरम मसाला तर घालूच नये, नाहीतर एवढा खटाटोप करून शेवटी ओळखीचा कबाबच हाती येतो.

आणखी एका जिन्नसाबद्दल मतभेद संभवतात. नायजेरियातील स्वयंपाकघरांत मॅगीचे मसाला क्यूब सर्रास वापरले जातात आणि अनेक जण ते कुस्करून याजीतही घालतात. शुद्धतेच्या नावाखाली तो क्यूब नाकारण्यात मला अर्थ वाटत नाही, कारण रस्त्यावरची आजची चव त्यासह घडलेली आहे. मात्र क्यूब घातला तर मीठ अर्धा लहान चमचा कमी करावे.

तयार याजीचे तीन भाग करावेत: अर्धी मांसाला चोळण्यासाठी, पाव भाजताना शेवटी भुरभुरण्यासाठी आणि उरलेली पाव ताटात वाढण्यासाठी. वाढण्याची याजी आधीच वेगळ्या वाटीत काढून ठेवावी; कच्च्या मांसाला लागलेला हात किंवा चमचा त्या वाटीत जाऊ देऊ नये.

मांसाची निवड आणि कापणी

नायजेरियात सूया प्रामुख्याने गोमांसाची असते. त्याखेरीज मेंढ्याचे मांस, कोंबडी, तसेच गुर्दा, काळीज आणि पेटा यांच्याही काड्या मिळतात. महाराष्ट्रात २०१५पासून संपूर्ण गोवंशाच्या हत्येवर बंदी आहे, त्यामुळे येथे बोकडाचे मटण, कोंबडी किंवा म्हशीचे मांस हेच पर्याय उरतात. मटणासाठी खाटकाकडून पुठ्ठ्याचे किंवा मांडीचे हाडविरहित मांस घ्यावे आणि जनावर कोवळे असल्याची खात्री करावी, कारण दही किंवा पपईचा आधार नसल्याने जून मांस येथे उघडे पडते. कोंबडीच्या छातीपेक्षा मांडीचे मांस कितीतरी चांगले. छातीचे तुकडे पातळ कापल्यावर क्षणात कोरडे होतात.

आपल्या कबाबांप्रमाणे चौकोनी तुकडे करण्याची सवय येथे सोडावी लागते. सूयेचे मांस पातळ, रुंद कापांत कापतात. मांसाचा गठ्ठा पाऊण तास डीप फ्रीजमध्ये ठेवून तो बाहेरून कडक, पण आतून न गोठलेला असा झाला की धारदार सुरीने आडव्या धाग्यांत सुमारे पाच मिलिमीटर जाडीचे काप काढावेत. मांसाचे धागे डावीकडून उजवीकडे जात असतील तर सुरी वरून खाली चालवायची. त्यामुळे प्रत्येक कापातील धागा आखूड होतो आणि जे काम पपईने केले असते ते सुरीच करते. काप साधारण चार सेंटिमीटर रुंद असावेत. जाडी जागोजागी वेगळी झाली तर लाटण्याने हलकेच ठोकून सारखी करावी.

काप स्वच्छ फडक्याने टिपून पूर्ण कोरडे करावेत, त्यांना दोन मोठे चमचे शेंगदाण्याचे तेल, शक्य असल्यास घाण्याचे, चोळावे आणि मगच निम्मी याजी दोन्ही बाजूंना दाबून लावावी. तेल आधी आणि मसाला नंतर, हा क्रम बदलू नये. तेलाच्या पातळ थरावर पूड धरते. उलट केले तर तेलासोबत ती वाहून जाते. बांबूच्या काड्या अर्धा तास पाण्यात भिजवून, काप शिवणकामातल्या धावदोऱ्याच्या टाक्यांसारखे दोन-तीन ठिकाणी टोचून, काडीवर पट्टीसारखे सपाट पसरतील असे ओवावेत. मांस काडीवर गच्च दाबून बसवले की आतल्या घड्यांपर्यंत उष्णता पोचत नाही, म्हणून ते किंचित ताणून ठेवावे; धरण्यासाठी बोटभर काडी मोकळी सोडावी. मटण फारच रुक्ष असेल तर मधूनमधून चरबीचा लहान तुकडा ओवावा. ओवलेल्या काड्या झाकून फ्रीजमध्ये एक ते दोन तास ठेवाव्यात. रात्रभर ठेवल्या तरी चालते, कारण मसाल्यात मांस पिठूळ करणारे काहीच नाही.

निखारे

सूयावाल्याची मांडणी पाहण्यासारखी असते. तो पुष्कळदा मधोमध निखाऱ्यांचा ढीग रचतो आणि काड्या त्याच्याभोवती, मांसाचे टोक वर आणि जरा आत कललेले, अशा गोल रोवून ठेवतो. मांस निखाऱ्यांच्या वर नसून बाजूला असल्याने चरबी निखाऱ्यावर ठिबकत नाही, भडका उडत नाही आणि शेंगदाणा सावकाश तांबूस होतो. ही मांडणी घरीही करता येते. विटांवर एक पसरट लोखंडी घमेले ठेवावे, त्यात कोरडी वाळू भरावी, मध्यभागी निखारे रचावेत आणि काड्यांची मोकळी टोके वाळूत अशी रोवावीत की मांस निखाऱ्यांपासून दहा-बारा सेंटिमीटरवर राहील. यासाठी नेहमीपेक्षा लांब आणि जाड काड्या लागतात आणि वेळ वीस मिनिटांच्या आसपास जातो, परंतु हाती येणारी सूया सर्वांत समान भाजलेली असते.

नेहमीच्या शेगडीवर किंवा बार्बेक्यूच्या जाळीवर करायचे असेल तर लाकडी कोळसाच वापरावा. दगडी कोळशाचा धूर अन्नाला लागू देणे घातक आहे. पेटवण्यासाठी रॉकेल घेऊ नये, त्याचा वास शेवटपर्यंत जात नाही. नारळाची सुकी शेंडी आणि दोन-चार करवंट्या यांवर कोळसा उत्तम पेटतो. बंद खोलीत, किंवा काचा लावून बंद केलेल्या बाल्कनीत कोळसा कधीही पेटवू नये, कारण त्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला वास नसतो आणि तो जीव घेऊ शकतो.

कोळसा लालबुंद होऊन त्यावर राखेचा पांढरट थर चढेपर्यंत, म्हणजे साधारण अर्धा तास, थांबावे. मग दोन-तृतीयांश निखारे एका बाजूला ओढून घ्यावेत आणि दुसरी बाजू जवळजवळ रिकामी ठेवावी, म्हणजे एक तेज आणि एक मंद अशा दोन जागा मिळतात. तेज बाजूवर जाळीच्या एक वीत वर तळहात धरून पाहावा: चार ते पाच सेकंदांनी हात काढावासा वाटला तर आच योग्य आहे, दोन सेकंदांतच चटका बसला तर अजून थांबावे.

भाजणे

फ्रीजमधून काढलेल्या काड्या पंधरा-वीस मिनिटे बाहेर ठेवून मग जाळीवर मांडाव्यात, त्याही एकमेकींना न चिकटवता. पहिली दोन मिनिटे त्यांना हात लावू नये. मांस जाळीला चिकटलेले वाटले तर ते अजून उलटण्याजोगे झालेले नाही. थोडा वेळ गेला की आपोआप सुटते. त्यानंतर दर मिनिटाला बाजू बदलत राहावे. मटणाच्या पातळ कापांना एकूण आठ ते दहा मिनिटे पुरतात, कोंबडीच्या मांडीला दहा ते बारा. स्वयंपाकाचा थर्मामीटर जवळ असेल तर कोंबडीचे आतील तापमान ७४ अंश सेल्सिअस झाल्याची खात्री करावी. नसेल तर सर्वांत जाड तुकडा कापून पाहावा, आत गुलाबी रंग किंवा लालसर रस दिसता कामा नये. काळीज मात्र आतून मऊ असतानाच उतरवावे. जास्त भाजले की त्याचा चिवट रबर होतो.

अर्ध्या वेळेनंतर शेंगदाण्याच्या तेलाचा हलका हात फिरवावा. ब्रश नसेल तर कांदा अर्धा कापून काट्याला टोचावा आणि तेलात बुडवून तो काडीवरून फिरवावा. तेल बेताने लागते आणि कांद्याचा वासही मांसाला येतो. तेल ठिबकून भडका उडाला तर पाणी शिंपडू नये, राख उडून मांसावर बसते. काड्या सरळ मंद बाजूला सरकवाव्यात. मसाल्याच्या कडा गडद तपकिरी होणे हवेच, परंतु काळे ठिपके दिसू लागले की तोही मंद बाजूला जाण्याचाच इशारा समजावा. अगदी शेवटच्या मिनिटात भुरभुरण्यासाठी काढलेली पाव याजी भुरभुरावी, एकदा उलटावे आणि उतरवावे. हा थर कच्चा राहील अशी शंका येते, पण शेंगदाणे आधीच भाजलेले आहेत; त्यांना फक्त उष्णता लागायला हवी.

पाहुणे बरेच असतील तर सूयावाल्यांचीच एक युक्ती उपयोगी पडते. ते मांस आधी भाजून निखाऱ्यांच्या कडेला ठेवतात, आणि गिऱ्हाईक आले की काडीला पुन्हा तेल लावून, मसाला भुरभुरून, तेज आचेवर दोन मिनिटे फिरवून देतात. घरी हे करताना पहिल्याच वेळी मांस पूर्ण शिजवावे; अर्धकच्ची कोंबडी कोमट अवस्थेत ठेवून देणे धोक्याचे आहे.

शेगडीची सोय नसलेल्यांना बीडाच्या तव्यावर, किंवा ओव्हनमध्ये २२० अंश सेल्सिअसवर वरच्या जाळीवर, बारा ते पंधरा मिनिटांत बरी सूया करता येते. धुराची उणीव भरून काढण्यासाठी तयार काड्या पातेल्यात ठेवून, मध्ये वाटीत पेटता निखारा ठेवून त्यावर थेंबभर शेंगदाण्याचे तेल सोडावे आणि दोन मिनिटे झाकण ठेवावे. येथे तूप वापरू नये, त्याचा वास मसाल्यावर चढतो.

भाज्या आणि शाकाहारी काड्या

हौसा पद्धतीत भाजी बहुधा काडीवर नसते. चिरलेला कच्चा कांदा, टोमॅटो आणि कोबी सूयेच्या शेजारी येतात. घानाच्या चिचिंगामध्ये मांसाच्या तुकड्यांमध्ये कांदा आणि ढोबळी मिरची ओवलेली आढळते. त्या धर्तीवर भाज्या भाजताना पहिला नियम असा की एका काडीवर एकच भाजी ओवावी. मांस, कांदा, टोमॅटो, मिरची अशी रंगीत काडी छायाचित्रात देखणी दिसते, पण टोमॅटो गळून पडतो तेव्हा कांदा कच्चाच असतो.

दुसरा नियम याजीच्या बाबतीत आहे. भाजीला पाणी सुटते आणि ओली याजी थापलेल्या पिठासारखी दिसू लागते. म्हणून भाज्यांना आधी फक्त तेल लावून भाजावे, पाणी आटून कडा तांबूस झाल्या की याजी लावावी आणि मिनिटभरच ठेवून उतरवावे. धिंगरी अळंबी या कामाला उत्कृष्ट, कारण तिचे पापुद्रे मसाला धरून ठेवतात आणि कडा कुरकुरीत होतात. ती धुण्याऐवजी ओल्या फडक्याने पुसावी. वांग्याच्या दोन सेंटिमीटर जाड चकत्यांना मीठ लावून वीस मिनिटांनी टिपून घ्यावे, आणि त्यांच्यापुरते याजीतील मीठ कमी धरावे. रताळे आधी आठ मिनिटे उकडून, गार करून मगच ओवावे. कांद्याच्या पाकळ्या सुट्या होऊ नयेत म्हणून मुळाकडचा भाग तसाच ठेवून चार फोडी कराव्यात.

मांसाच्या बरोबरीने मिरवेल अशी शाकाहारी काडी हवी असेल तर तिचा दाखला पश्चिम आफ्रिकेतच आहे. उत्तर नायजेरियात सोयाबीनच्या दुधापासून अवारा करतात. हे टोफूसारखे तुकडे तळून त्यांवर याजी भुरभुरतात. तसेच फुलानी गवळी समाज गाईच्या दुधापासून एक मऊ चीज करतो, जे बेनिन आणि घानामध्ये वागाशी म्हणून ओळखले जाते आणि आचेवर वितळत नाही. ते दूध फाडण्यासाठी पारंपरिक पद्धतीत रुईच्या एका जातीच्या पाना-देठांचा रस वापरतात. हे वाचून कोणी घरी रुईचा चीक दुधात घालू नये, तो विषारी आहे आणि त्याचे प्रमाण जाणकारांनाच कळते. आपल्यासाठी घट्ट पनीर किंवा घट्ट टोफू पुरेसा आहे. त्याचे दोन सेंटिमीटर जाडीचे तुकडे वजनाखाली अर्धा तास दाबून, टिपून, तेल आणि याजी लावून, तेज आचेवर प्रत्येक बाजू दीड-दोन मिनिटे भाजावी. पनीरला पाणी कमी सुटत असल्याने याजी आधीच लावलेली चालते.

केळ्याचा उल्लेख केल्याशिवाय हा भाग पुरा होणार नाही. लागोसच्या रस्त्यांवर पिकत आलेली मोठी स्वयंपाकाची केळी सोलून थेट निखाऱ्यांवर भाजतात आणि भाजलेल्या शेंगदाण्यांसोबत खातात; त्याला बोली म्हणतात. आपल्याकडील राजेळी केळी त्याच प्रकारची आहेत. ती पिवळी पण घट्ट असताना सोलून, अखंडच, मंद बाजूवर पंधरा मिनिटे फिरवत भाजावीत. त्यांना याजी लावण्याची गरज नाही; मीठ लावलेले भाजके दाणे सोबत द्यावेत.

मिश्काकी: वेगळा किनारा, वेगळी रीत

झांझिबारच्या स्टोन टाउनमधील फोरोधानी बागेत, मोंबासा आणि दार एस सलाममध्ये जी काडी मिळते ती मिश्काकी, आणि तिच्यात अरबी व हिंदी महासागराच्या व्यापाराची छाया स्पष्ट दिसते. येथे मांसाचे अडीच सेंटिमीटरचे चौकोनी तुकडे आले, लसूण, लिंबू, मिरी, हळद आणि बहुतेकदा टोमॅटोच्या घट्ट रसात मुरवतात. मांस कोवळे करण्यासाठी कच्ची पपई घालतात आणि खाताना चिंचेची चटणी देतात. एक किलो मटणाला कच्च्या पपईचे वाटण एक मोठा चमचा पुरते, तेही दोन तासांपेक्षा जास्त नको, अन्यथा मांसाचा धागाच उरत नाही. मुरवण ओले असल्याने येथे निखारे सूयेपेक्षा तेज चालतात. दोन्ही प्रकार एकाच संध्याकाळी करण्यास हरकत नाही, पण मिश्काकीच्या मुरवणात याजी मिसळू नये. लिंबू आणि शेंगदाणा दोघेही आपले काम विसरतात.

वाढणे आणि साठवणे

सूया काडीवरून काढून, तिरके लहान तुकडे करून वाढतात. सोबत पातळ चिरलेला लाल कांदा, टोमॅटोच्या चकत्या, हवा असल्यास कोबी, आणि वेगळी काढलेली याजी असावी. लिंबू पिळायची सवय असलेल्यांनी पहिले काही घास तरी तसेच खाऊन पाहावेत. नायजेरियात ती वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळून देण्याची प्रथा आहे. भारतात अन्नसुरक्षेच्या नियमांनुसार छापील वर्तमानपत्रात खाद्यपदार्थ बांधता येत नाहीत, आणि तेलकट मसाल्यात शाई उतरते हे पाहता ते रास्तच आहे. केळीचे पान किंवा बटर पेपर घ्यावा. जोडीला काही भरीचे हवे असेल तर हौसा स्वयंपाकातील मासा करता येतो: आंबवलेल्या तांदळाच्या पिठाचे हे जाड, गोल घावन खोलगट भांड्यात भाजतात आणि आपल्या आप्पेपात्रात ते सहज होतात. पेय म्हणून लाल अंबाडीच्या वाळलेल्या बोंडांच्या पाकळ्या आले-लवंग घालून उकळून, गाळून, गार केलेला झोबो ठेवावा.

पाहुण्यांना आमंत्रण देतानाच शेंगदाण्याची ॲलर्जी कोणाला आहे का हे विचारून घ्यावे. येथे शेंगदाणा मसाल्यात आहे, तेलात आहे आणि जाळीलाही लागलेला असतो, त्यामुळे अशा व्यक्तीसाठी वेगळी काडी करून भागत नाही. वेगळी जाळी, वेगळे तेल आणि वेगळी भांडी लागतात, किंवा त्या दिवशी सूयेचा बेतच रद्द करावा लागतो.

उरलेली सूया तासा-दोन तासांत फ्रीजमध्ये ठेवावी आणि दुसऱ्या दिवशी झाकण ठेवून तव्यावर, पाण्याचा शिपका मारून गरम करावी. मांसाला न लागलेली याजी काचेच्या कोरड्या बरणीत भरून फ्रीजमध्ये महिनाभर टिकते. शेंगदाण्यात उरलेले तेल त्यानंतर खवट होऊ लागते, आणि खवट वास आलेली किंवा ओल लागून गठ्ठे झालेली याजी पुन्हा भाजून सुधारण्याचा प्रयत्न न करता टाकून द्यावी.